बीव्हर आणि त्याचे कातडे

गेल्या सहामाहीतील गोष्ट. भूगोलाच्या तासाला आठवीतील एका विद्यार्थ्याने आमच्या टेबलावर एक परदेशी नाणे आणून ठेवले. त्याचे मामा कॅनडातील टोरांटो शहरी नोकरीस असतात. सुटीत घरी आले तेव्हा त्यांनी भाच्यास ते दिले होते. नाणे पाच सेंटांचे. एका अंगास एलिझाबेथ राणीची मुद्रा, दुसऱ्या अंगास पाण्याकाठी बसलेले एक जाडजूड जनावर. “सर, ह्या लोकांनी नाण्यावर घूस का कोरली?” असे त्याने अगदी गंभीरपणे विचारले आणि सारा वर्ग हसला. आम्ही त्या दिवशी त्यास चार वाक्यांत उत्तर दिले. परंतु चार वाक्यांत मावणारा हा विषय नव्हे, हे आमच्या मनास लागून राहिले. ते राहिलेले उत्तर येथे देत आहो. पालकांनीही हा लेख वाचावा अशी आमची इच्छा आहे, कारण त्यातून जो प्रश्न निघतो तो केवळ मुलांचा नाही.

ते जनावर घूस नव्हे. त्याचे नाव बीव्हर. तथापि आमच्या विद्यार्थ्याची नजर अगदीच चुकली होती असेही नाही. उंदीर, घूस, खार ह्या कुरतडणाऱ्या प्राण्यांच्याच गणात बीव्हर मोडतो, आणि दक्षिण अमेरिकेतील कॅपिबारा सोडला तर त्या गणात त्याच्याएवढा मोठा प्राणी दुसरा नाही. पूर्ण वाढलेला बीव्हर वीस-तीस किलो सहज भरतो. त्याचे पुढचे दात लोहाच्या अंशामुळे नारिंगी दिसतात व सुताराच्या पटाशीसारखे धारदार असतात. ते जन्मभर वाढत राहतात, म्हणून झाडे कुरतडून ते झिजविल्यावाचून त्याचे चालत नाही. मागच्या पायांस बदकासारखे पडदे, आणि शेपूट चपटे, खवल्यांचे, वल्ह्याच्या पात्यासारखे. संकटाची चाहूल लागताच हे शेपूट तो पाण्यावर फाडकन आपटतो, आणि सारे कुटुंब बुडी मारून दिसेनासे होते.

ह्या प्राण्याची खरी कीर्ती मात्र त्याच्या बांधकामाची आहे. लहानशा ओढ्यास तो लाकडे, दगड व चिखल ह्यांचा बांध घालतो आणि मागे तळे साठवितो. हे तळे कशासाठी? उत्तरेकडील हिवाळ्यात पाण्यावर हात-दोन हात जाडीचे बर्फ धरते. तळे खोल असले म्हणजे खालचे पाणी गोठत नाही. तळ्यात तो काटक्या व चिखल ह्यांचे घुमटासारखे घर बांधतो. घराची दारे पाण्याखाली, राहण्याची जागा पाण्याच्या वर व कोरडी. थंडी पडली की बाहेरचा चिखल दगडासारखा गोठतो आणि लांडग्यासही तो फोडता येत नाही. माथ्यावर हवेसाठी थोडी जागा पोकळ असते. कडक थंडीत तेथून आतल्या जीवांच्या श्वासाची वाफ निघताना दिसते. घरात आईबाप, यंदाची पिले व गेल्या वर्षीची पिले असे कुटुंब नांदते. तिसऱ्या वर्षी थोरल्यांनी आपला ओढा शोधावयाचा, असा त्यांचा रिवाज. पाणी गोठण्यापूर्वी पॉप्लर, वाळुंज ह्यांच्या हिरव्या फांद्या तळाच्या चिखलात रोवून हिवाळ्याची बेगमी केलेली असते. वर बर्फ असताना ही मंडळी दारातून खाली उतरून जेवण घेऊन येतात. कॅनडाच्या आल्बर्टा प्रांतात बीव्हरांनी घातलेला एक बांध पाऊण किलोमीटरहून लांब आहे. तो प्रथम लक्षात आला तो २००७ साली, आणि तोही उपग्रहाच्या चित्रावरून.

माणसाळलेला बीव्हर कसा असतो, ह्याचे वर्णन सॅम्युएल हर्न नामक प्रवाशाने अठराव्या शतकात लिहून ठेवले आहे. हडसन उपसागराच्या काठी एका किल्ल्यावर तो अधिकारी होता आणि त्याने काही बीव्हर पाळले होते. हाक मारली की ते येत, मागे मागे फिरत, आणि हिवाळ्यात घरातील बायकांच्या पानातले खात. भात त्यांस विशेष आवडे, हे वाचून आमच्या कोकणातील विद्यार्थ्यांस त्यांच्याविषयी आपलेपणा वाटेल. लक्षात ठेवण्याजोगी गोष्ट ही की, हाच हर्न बीव्हरांच्या कातड्यांचा व्यापार करणाऱ्या कंपनीचा नोकर होता.

आता त्या कातड्याकडे वळू. बीव्हरच्या अंगावर केसांचे दोन थर असतात. वरचे केस लांब, राठ व चकचकीत. त्यांच्याखाली अत्यंत दाट, मऊ लव. ह्या लवेच्या प्रत्येक केसास सूक्ष्म आकड्यांसारखे खवले असतात. लव ओली करून, उष्णता देऊन दाबली की हे आकडे एकमेकांत अडकतात आणि विणल्यावाचूनच कापड तयार होते. आपल्याकडे घोंगडी विणतात, परंतु बुरणूस विणीत नाहीत, तो लोकर दाबून जमवितात. हा भेद ज्यास ठाऊक आहे त्यास बीव्हरच्या टोपीचे मर्म कळले. बीव्हरच्या लवेचा बुरणूस हलका, पाणी न शोषणारा, आणि भिजला तरी आकार न सोडणारा असे. युरोपात सोळाव्या शतकापासून एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत प्रतिष्ठित पुरुषाच्या डोक्यावर ह्याच मालाची टोपी हवी, अशी चाल होती. टोपीचा आकार पिढीगणिक पालटला, पण माल पालटला नाही.

टोपीचा कारखानदार प्रथम राठ केस उपटून टाकी, मग लव तासून काढी, आणि छताला टांगलेल्या लांब धनुकलीने ती पिंजी. आपला पिंजारी कापूस पिंजतो तीच ही रीत. पुढे लव लवकर जमावी म्हणून तीस पाऱ्याचे क्षार लावण्याची युक्ती निघाली. कारागीर बंद खोलीत उकळत्या पाण्यावर टोप्या घडवीत आणि पाऱ्याची वाफ त्यांच्या छातीत जाई. हात कापू लागत, दात पडत, बुद्धीस भ्रम होई. इंग्रजीत ‘टोपीवाल्यासारखा वेडा’ अशी म्हण आहे ती बहुतेकांच्या मते ह्याच कारागिरांवरून रूढ झाली. अमेरिकेत टोप्यांच्या धंद्यातून पारा हद्दपार झाला तो १९४१ मध्ये. जंगलातल्या प्राण्याइतकीच शहरातल्या कामकऱ्याने ह्या टोपीची किंमत भरली, हे सहसा कोणी सांगत नाही, म्हणून मुद्दाम लिहिले.

युरोपातही बीव्हर होता. पण टोप्यांपायी तो संपत आला, आणि व्यापाऱ्यांची दृष्टी उत्तर अमेरिकेकडे गेली. रादिसाँ व ग्रोसेये ह्या दोन फ्रेंच साहसी पुरुषांनी इंग्लंडच्या दरबारी जाऊन हडसन उपसागराकडील संपत्तीचे वर्णन केले. १६६८ साली ‘नॉनसच’ नावाचे लहानसे जहाज तिकडे गेले आणि पुढील वर्षी कातडी भरून परत आले. तदनंतर २ मे १६७० रोजी दुसऱ्या चार्ल्स राजाने हडसन बे कंपनीस सनद दिली. ह्या राजाचे नाव आमच्या वाचकांस अपरिचित नाही. पोर्तुगालच्या राजकन्येशी विवाह ठरला तेव्हा मुंबई बेट ह्यालाच आंदण मिळाले, आणि १६६८ मध्ये वर्षाला दहा पौंड खंडावर ते त्याने ईस्ट इंडिया कंपनीस देऊन टाकले. हडसन उपसागरास मिळणाऱ्या सर्व नद्यांचा प्रदेश त्याने दुसऱ्या कंपनीस दिला तो खंड तर ह्याहून मौजेचा: राजा अगर त्याचा वारस त्या मुलखात येईल तेव्हा दोन एल्क सांबरे व दोन काळे बीव्हर. १९७० मध्ये एलिझाबेथ राणी गेल्या तेव्हा त्यांना दोन जिवंत बीव्हर अर्पण करण्यात आले होते. हा प्रदेश आजच्या आपल्या भारतवर्षाहून मोठा होता. तो पाहिलेला एकही माणूस राजाच्या घराण्यात नव्हता, आणि तेथे हजारो वर्षे राहत असलेल्या क्री व इतर लोकांस कोणी विचारले नाही. त्याच वर्षाच्या आरंभी इकडे तानाजी मालुसरे कोंढाण्यावर पडले. आपला मुलूख आपला म्हणण्यासाठी माणसे काय मोल देतात ते मराठी विद्यार्थ्यास निराळे सांगावयास नको.

मात्र ह्या व्यापाराचे चित्र एकरंगी रंगविणे योग्य होणार नाही. लुटारू गोरा आणि भोळा रानटी अशी जी गोष्ट पुष्कळदा ऐकू येते ती खरी नव्हे. कंपनीची माणसे उपसागराच्या काठी किल्ल्यांत बसत; शिकार करणारे व कातडी कमावणारे क्री लोकच. व्यवहार पैशात नसे. हिवाळ्यात मारलेल्या उत्तम बीव्हरचे एक कातडे हेच चलन. चाकू, गळ, किटली, कांबळे, बंदूक ह्यांच्या किमती कातड्यांत बांधलेल्या असत. अठराव्या शतकात बंदुकीस दहा-बारा कातडी पडत. क्री माणूस मोठा चोखंदळ गिऱ्हाईक होता. किटली जड निघाली किंवा बंदुकीचा घोडा थंडीत फुटला तर तो कंपनीच्या अधिकाऱ्यास तोंडावर सांगे व पुढल्या वर्षी फ्रेंचांकडे जाई. पॉल ल जून नावाच्या फ्रेंच मिशनऱ्याने १६३४ मध्ये लिहून ठेवले आहे की, एक इन्नू शिकारी युरोपीयांस हसत असे. एका कातड्यासाठी वीस चाकू देणाऱ्यांस अक्कल नाही, असे त्याचे मत! आणखी एक गंमत अशी की, व्यापाऱ्यांस सर्वांत प्रिय असलेले कातडे नवे नव्हे, जुने. थंडीसाठी हे लोक कातडी शिवून अंगरखे करीत व केसाळ बाजू आत घेऊन ती वर्ष-दोन वर्षे वापरीत. अंगाच्या घामाने व घर्षणाने राठ केस आपोआप झडून जात आणि टोपीवाल्यास हवी असलेली लव तेवढी राही. आपला वापरून टाकलेला अंगरखा नव्याच्या भावाहून अधिक किमतीस विकला जावा, असे भाग्य जगात कितीजणांस लाभते?

येथे एक अवांतर गोष्ट सांगण्याचा मोह आवरत नाही. ही कातडी गलबतावर चढविण्यापूर्वी मोठ्या स्क्रूच्या दाबयंत्रात घालून त्यांचे गठ्ठे बांधीत. १८४० साली नॉर्वे हाउस येथे जेम्स एव्हन्स नावाचे मिशनरी होते. त्यांनी क्री भाषेसाठी नवी लिपी रचली. छापखाना नव्हता, तेव्हा चहाच्या पेट्यांतील शिशाचा पत्रा वितळवून त्यांनी खिळे ओतले, आणि छापण्याचे काम केले ते कंपनीच्या ह्याच कातडी दाबण्याच्या यंत्रावर. त्या लिपीत व्यंजनाचे चिन्ह एकच राहते आणि ते ज्या दिशेस फिरवावे त्याप्रमाणे स्वर बदलतो. अक्षरात व्यंजन-स्वर असे एकत्र बांधण्याची कल्पना एव्हन्स ह्यांना देवनागरीवरून सुचली असावी, असे अनेक अभ्यासक मानतात. क्री लोक आजही ती लिपी लिहितात. बीव्हरला त्यांच्या भाषेत ‘अमिस्क’ म्हणतात.

असो. मूळ विषय शिकारीचा. पोलाद येण्यापूर्वीची रीत कष्टाची होती. भर हिवाळ्यात शिकारी कुटुंबे तळ्यावर जात. घराच्या माथ्यावर वाफेचे दव गोठलेले दिसले की आत वस्ती आहे हे कळे. मग बर्फ फोडून दारांच्या वाटा खुंट ठोकून बंद करावयाच्या. काठालगत बीव्हरांनी लपण्यासाठी जी बिळे केलेली असतात ती, बर्फावर पहारीने ठोकून, आवाजावरून हुडकावयाची. आणि घर फोडले की पळणारा जीव त्या बिळांत किंवा जाळ्यात पकडावयाचा. पोकळ आवाज कोणता व भरीव कोणता, हे ओळखणारा कान वर्षानुवर्षांच्या सरावानेच तयार होई. फाशांवरून ज्यांना नाव पडले त्या आपल्या फासेपारध्यांचे कसब ज्यांनी पाहिले असेल त्यांस ह्या विद्येची योग्यता पटेल. अशा रीतीने सारे तळे रिकामे करणे शक्य असे. पण श्रम इतके की, माणूस गरजेपुरते घेऊन पुढे जाई, आणि पुष्कळ कुटुंबांत अमुक ओढे आपले, ते पाळीपाळीने विश्रांतीस सोडावयाचे, असा परिपाठ होता.

अठराव्या शतकाच्या अखेरीस ह्या धंद्यात दोन वस्तू एकत्र आल्या. एक पोलादी सापळा आणि दुसरे बीव्हरच्याच शरीरातील एक उग्र वासाचे द्रव्य. बीव्हर हे द्रव्य काठावर सोडून ‘ही हद्द माझी’ असे जाहीर करतो. शिकाऱ्याने त्यात काडी बुडवून ती काठावर रोवली की परका कोण आला हे पाहण्यास घरधनी येणारच. नेमक्या त्याच वाटेवर, वितीभर पाण्याखाली, सापळा मांडलेला असतो: दोन जबडे, दोहों बाजूंस कमान, मध्ये तबकडी. तबकडीवर पाय पडला की जबडे मिटतात. भ्यालेला बीव्हर खोल पाण्याकडे धावतो. साखळी अशी बांधलेली असते की त्यास खाली जाता येते, वर येता येत नाही. तो बुडून मरतो. हे झाले सापळा नीट मांडला तर. वाईट मांडला तर उथळ पाण्यात जनावर रात्रभर तडफडते, पायास पीळ घालघालून तो तोडते आणि तीन पायांवर निघून जाते. सापळेवाल्यांच्या लिखाणांतून हे उल्लेख आहेत, आणि विद्यार्थ्यांपासून ते लपविणे आम्हांस प्रशस्त वाटत नाही. मेलेल्या जनावराचे कातडे पोटाकडून चिरून काढीत, मांस-चरबी खरवडीत, आणि वाळुंजाच्या फांदीचे कडे करून त्यात चकतीसारखे गोल ताणून वाळवीत. नव्वद पौंडांचा एक गठ्ठा. नदीचा धबधबा आला की होडीवाले असे दोन-दोन गठ्ठे पाठीवर घेऊन डोंगर चढत.

डेव्हिड टॉम्पसन नावाच्या नकाशाकाराने हा नवा सापळा व हे नवे आमिष आल्यावर मुलूख किती त्वरेने ओस पडला ते पाहून लिहिले आहे. परंतु दोष केवळ सापळ्याचा म्हणावा काय? आमच्या मते नाही. आणि ह्यास पुरावा कंपनीच्याच वागणुकीत आहे. मॉन्ट्रिऑलच्या नॉर्थ वेस्ट कंपनीशी तिचे दीर्घकाळ वैर होते. दोघी एकमेकींच्या आधी प्रत्येक ओढ्यावर पोहोचण्यासाठी धडपडत. १८२१ मध्ये दोहोंचे एकीकरण झाले. गव्हर्नर जॉर्ज सिम्प्सन ह्यांनी मग जेथे प्रतिस्पर्धी उरला नव्हता त्या प्रदेशांत बीव्हर राखण्याचे हुकूम काढले: अमुकच मारावे, उन्हाळ्यात मारू नये, पिले सोडावी. आणि त्याच काळात, त्याच सिम्प्सनांनी, रॉकी पर्वतापलीकडील स्नेक नदीच्या खोऱ्यात पीटर स्कीन ऑग्डेन ह्यांस टोळ्या देऊन पाठविले, ते एकही बीव्हर शिल्लक ठेवू नये म्हणून. तो मुलूख उद्या अमेरिकनांकडे जाईल अशी धास्ती होती. वाटेत बीव्हरच उरला नाही तर अमेरिकन सापळेवाले पुढे येणार नाहीत, असा हिशेब. कंपनी तीच, सापळा तोच, वर्षे तीच. जेथे उद्याचा दिवस आपला होता तेथे तिने दया दाखविली. जेथे तो दुसऱ्याचा होता तेथे तिने ओढे निपटून काढले. इतिहासात लोभाची उदाहरणे पुष्कळ सापडतात, पण एकाच हाताच्या दोन बाजू इतक्या स्वच्छ दाखविणारे उदाहरण आम्हांस दुसरे ठाऊक नाही.

१८३० नंतर युरोपात रेशमी टोपीची चाल पडली आणि बीव्हरला थोडा विसावा मिळाला. बीव्हर वाचला तो कोणाच्या कनवाळूपणामुळे नव्हे, फॅशन बदलली म्हणून. हा विसावाही टिकला नाही. कातड्यांचे कोट होऊ लागले. पुढे पहिल्या महायुद्धानंतर भाव चढले, रेल्वेमुळे परके सापळेवाले थेट उत्तरेच्या रानांत उतरले, आणि क्री कुटुंबांनी पिढ्यान्‌पिढ्या राखलेले ओढे एका हिवाळ्यात लुटून पुढे गेले. मग राखणाराही विचार करू लागला की, मी आज सोडले तर उद्या दुसरा नेणारच. एके काळी उत्तर अमेरिकेत बीव्हर सहा कोटींहून कमी नसावेत, असा तज्ज्ञांचा अंदाज आहे. विसाव्या शतकाच्या आरंभी विस्तीर्ण प्रदेशांतून तो नाहीसा झालेला होता, आणि युरोपात तर अवघे बाराशेच्या आसपास उरले होते. जेम्स उपसागराच्या काठी क्री लोकांची उपासमार होऊ लागली; कारण बीव्हर म्हणजे त्यांचे केवळ चलन नव्हे, हिवाळ्यातील मांसही.

अशा वेळी रूपर्ट हाउस ह्या ठाण्यावर हडसन बे कंपनीचा जेम्स वॉट नावाचा व्यवस्थापक होता. १९३० च्या सुमारास त्याने एक विलक्षण सौदा सुरू केला. शिकाऱ्याने वस्ती असलेले घर दाखवावे, बीव्हर मारू नये, आणि कातड्याचे पैसे घेऊन जावे. जिवंत बीव्हर तळ्यातच राहणार. तो आता वॉटचा. कंपनीच्या वह्यांत हा व्यवहार कोणत्या खात्यावर लिहावयाचा? त्याने आपल्या खिशातून पैसे घातले. परंतु रान सर्वांना मोकळे असेतो हे व्यर्थ होते, म्हणून त्याची पत्नी मॉड वॉट भर हिवाळ्यात कुत्र्यांच्या बर्फगाडीने व पायी शेकडो मैल प्रवास करून क्वेबेक शहरी गेली आणि सरकारच्या दाराशी जाऊन बसली. १९३२ मध्ये ७,२०० चौरस मैलांचा प्रदेश बीव्हरसाठी राखून तिच्या हाती देण्यात आला.

त्या प्रदेशावर पहारा कोणी ठेवला? पोलिसांनी नव्हे. ज्या क्री कुटुंबांचे जे ओढे पूर्वापार होते त्यांतीलच वडीलधाऱ्या शिकाऱ्यांस राखणदार नेमले. ते दरवर्षी घरे मोजून नकाशावर खुणा करीत आणि हिशेब देत. दहा वर्षे ह्या लोकांनी, घरात अडचण असताना, समोर पोहत असलेल्या बीव्हरवर हात उचलला नाही. १९४० मध्ये शिकार पुन्हा सुरू झाली तेव्हा कोणत्या कुटुंबाने किती घ्यावे हे मोजलेल्या घरांवरून ठरले. पुढे अशी आणखी राखीव वने झाली. रूपर्ट हाउसला आता वास्कागनिश म्हणतात, आणि ओढ्यांचे राखणदार तेथे आजही आहेत.

ह्याच काळात ‘ग्रे आउल’ ह्या नावाने एका सापळेवाल्याची पुस्तके गाजली. बीव्हरची मादी सापळ्यात मेली आणि तिची दोन पिले पाण्यावर रडताना दिसली. त्याची मोहॉक पत्नी अनाहारेओ हिने ती घरी नेण्याचा हट्ट धरला. पिले घरात वाढली आणि त्याने सापळा टाकून दिला. १९३७ साली तो इंग्लंडच्या राजापुढेही बोलला. १९३८ मध्ये तो वारला आणि उघडकीस आले की, स्वतःस अर्धा इंडियन म्हणविणारा हा मनुष्य इंग्लंडातील हेस्टिंग्ज गावचा आर्चिबाल्ड बेलेनी होता. त्याने बीव्हरविषयी लिहिले ते खरे होते. स्वतःविषयी सांगितले ते खोटे. वर्गात ही हकीकत सांगताना आम्ही प्रत्येक वेळी अडखळतो.

पुढे बीव्हर ठिकठिकाणी परत नेऊन सोडण्यात आले. १९४८ मध्ये अमेरिकेच्या आयडाहो संस्थानात रस्ते नसलेल्या डोंगरांत नेण्यासाठी ७६ बीव्हर लाकडी पेट्यांत घालून विमानातून छत्र्यांनी खाली सोडले. एक दगावला, बाकीचे पेटीतून निघून कामास लागले. आज उत्तर अमेरिकेत बीव्हरांची संख्या कोटीच्या घरात आहे, आणि युरोपातील बाराशेंचे दहा लाखांहून अधिक झाले आहेत. १९७५ मध्ये कॅनडाने त्यास राष्ट्राचे चिन्ह ठरविले. नाण्यावर तो १९३७ पासूनच आहे. हडसन बे कंपनीची मात्र पुढे शहरोशहरी कापडाची व संसारोपयोगी वस्तूंची मोठी दुकाने झाली होती. कर्जापायी १ जून २०२५ रोजी त्यांतील शेवटचीही बंद झाली.

सापळ्यांचा प्रश्न मिटलेला नाही. फ्रँक कॉनिबेअर ह्या सापळेवाल्याने स्वतः आयुष्यभर जनावरांचे हाल पाहून १९५० नंतरच्या दशकात असा चौकटीचा सापळा काढला की, तो पाय न धरता मानेवर मिटतो व जीव लवकर जातो. युरोपीय राष्ट्रांनी १९९१ मध्ये पाय धरणारे सापळे आपल्याकडे बंद करण्याचा नियम केला, आणि १९९७ मध्ये कॅनडा व रशिया ह्यांच्याशी सापळ्यांविषयी करार केला. आपल्या देशात १९७२ च्या कायद्याने वन्य प्राणी सापळ्यात धरणे हाच गुन्हा आहे. कातडे अंगावर घालूच नये, असे युरोपात व अमेरिकेत पुष्कळ लोक म्हणतात. गरम कापड सर्वत्र मिळत असता केवळ शोभेसाठी जीव घ्यावा हे आम्हांसही रुचत नाही. परंतु ह्या मोहिमेने भाव पडले तेव्हा पहिला फटका लंडनच्या दुकानदारास नव्हे, उत्तरेतील क्री व इन्युइट कुटुंबांस बसला, हेही तितकेच खरे आहे.

हा लेख छापण्यास देण्यापूर्वी आम्ही तो त्याच वर्गास वाचून दाखविला आणि विचारले की, सापळा लावावा की लावू नये? बहुतेकांनी ‘लावू नये’ म्हणून हात वर केले. किनाऱ्यावरील कोळीवाड्यातून आमच्या वसतिगृहात राहावयास आलेली एक मुलगी हात वर न करता बसून राहिली. कारण विचारले तेव्हा ती उभी राहून म्हणाली, “सर, आमचे बाबा पावसाळ्यात दर्यात जाळे टाकत नाहीत. माशांच्या पोटात तेव्हा अंडी असतात. नारळी पौर्णिमेला नारळ वाहिला की मग होडी लोटतात. पण दुसऱ्या बंदराच्या मोठ्या बोटी चोरून आधीच जाऊन आल्या, तर बाबांनी थांबायचे की नाही?”

त्या प्रश्नावर पुढचा सबंध तास गेला. कोणी म्हणाले थांबावे, कोणी म्हणाले बोटवाल्यांस पकडून द्यावे, आणि नाणेवाल्या विद्यार्थ्याने विचारले की, त्या समुद्राची राखण तिच्या बाबांकडेच का देत नाहीत.